खेळाचे मैदान की मोटारींचा तळ?

अमेरिकेत सप्टेंबर महिना उजाडला की व्यावसायिक फुटबॉलचा हंगाम सुरू होतो, आणि त्याबरोबरच तेथील वृत्तपत्रांतून एका विशिष्ट प्रकारचा मजकूर प्रसिद्ध होऊ लागतो. सामन्याला जाण्यासाठी घरून किती वाजता निघावे, कोणता महामार्ग टाळावा, मोटार उभी करण्याचा परवाना किती दिवस आधी विकत घ्यावा, कोणत्या तळावर मोटार लावली असता परतताना लवकर सुटका होते, याविषयीचा तो सल्ला असतो. सल्ला उपयुक्त असतो यात शंका नाही. तथापि त्याच्या मुळाशी एक गृहीत दडलेले असते, आणि ते कोणी बोलून दाखवीत नाही. सामन्याला येणारा माणूस स्वतःच्या मोटारीतूनच येणार, आणि ती मोटार कोठे ठेवायची हा त्याचा खाजगी प्रश्न, असे ते गृहीत आहे. ऐंशी हजार माणसे एका दिवशी, एका वेळी, एका ठिकाणी जमतात ही घटना मात्र कोणत्याही अर्थाने खाजगी नव्हे. ती एका शहराची सार्वजनिक घटना असते. मग तिचे नियोजन प्रत्येकाच्या वैयक्तिक शहाणपणावर सोडून देण्यात कोणाचा लाभ आहे, हा प्रश्न विचारला पाहिजे.

प्रथम साधा हिशेब पाहावा. (अमेरिकन फुटबॉल म्हणजे अंडाकृती चेंडू हातात घेऊन धावण्याचा, झेलण्याचा आणि धडका देण्याचा खेळ; येथे त्याच्या नियमांशी कर्तव्य नाही.) ऐंशी हजार प्रेक्षक सरासरी तिघेतिघे एका मोटारीत आले असे उदारपणे मानले, तरी सुमारे सत्तावीस हजार मोटारी होतात. एक मोटार उभी करण्यास, आतबाहेर करण्याची वाट धरून, तीस चौरस मीटरांच्या आसपास जागा लागते. म्हणजे एकूण ८० हेक्टर, अर्थात दोनशे एकर जमीन. खेळाचे प्रत्यक्ष मैदान दीड एकराहून थोडे कमीच असते! आणि ही दोनशे एकर जमीन वर्षातून किती दिवस कामी येते? संघाचे स्वतःच्या मैदानावरील सामने हंगामपूर्व सामने धरून दहाच्या घरात असतात. संगीताचे कार्यक्रम, मेळावे वगैरे जमेस धरले, तरी वर्षातील बहुसंख्य दिवस ती जमीन डांबर फासून उन्हात पडून असते. तिच्यावर ना घर उभे राहते, ना बाग, ना शाळा.

परतीचा हिशेब याहून बोलका आहे. मोटारी येतात चार-पाच तासांत विखरून, परंतु निघतात सर्व एकदम. रस्त्याच्या एका मार्गिकेतून तासाला फार तर अठराशे ते दोन हजार मोटारी जाऊ शकतात, आणि तेही वाटेत सिग्नल नसल्यास. दहा मार्गिका मोकळ्या करून दिल्या तरी सत्तावीस हजार मोटारींना दीड तास लागेल. चौक आणि वळणे आली की तो काळ सहज दुप्पट होतो. याउलट मुंबईची बारा डब्यांची एक लोकल हिशेबासाठी साडेतीन हजार माणसे नेते असे धरले, तर ऐंशी हजारांना तेवीस गाड्या पुरतात. तीन मिनिटांना एक गाडी सुटली तर सत्तर मिनिटांत मैदान रिकामे होते. या हिशेबास कोणतीही विचारसरणी लागत नाही. शाळेत शिकविलेला त्रैराशिकाचा नियम पुरेसा आहे.

असे असूनही अमेरिकेत मैदाने मोटारतळांच्या मध्यभागी का बांधली जातात? याचे उत्तर टेक्सासमधील आर्लिंग्टन या शहरात सापडते.

डॅलस आणि फोर्ट वर्थ या दोन मोठ्या शहरांच्या मधोमध आर्लिंग्टन वसले आहे. २०२० च्या शिरगणतीप्रमाणे त्याची लोकसंख्या सुमारे ३ लाख ९४ हजार. डॅलस काउबॉइज या अत्यंत धनाढ्य संघाचे मैदान २००९ पासून या शहरात आहे. ऐंशी हजार आसने, प्रसंगी एक लाखापर्यंत प्रेक्षक सामावून घेण्याची सोय, उघडमिट होणारे छप्पर, एकूण खर्च शंभर कोटी डॉलरांहून अधिक. २०२६ च्या जागतिक चषक फुटबॉल स्पर्धेतील नऊ सामने याच मैदानाला देण्यात आले, यावरून त्याचा दबदबा लक्षात यावा. परंतु आर्लिंग्टनची दुसरी ख्याती अशी की, ठराविक मार्गांवर धावणारी सार्वजनिक बससेवा नसलेले अमेरिकेतील सर्वांत मोठे शहर म्हणून त्याचा उल्लेख वर्षानुवर्षे होत आला. मध्यंतरी २०१३ ते २०१७ एक बसमार्ग चालला आणि बंद पडला. त्यानंतर फोनवरून बोलाविता येणाऱ्या लहान गाड्यांची सेवा आली. एखाद्या म्हाताऱ्या माणसाला दवाखान्यात जाण्यास ती बरी आहे. ऐंशी हजारांच्या जमावापुढे तिचा काय पाड लागणार?

हे शहर असे का राहिले? सार्वजनिक वाहतुकीचा प्रश्न आर्लिंग्टनच्या मतदारांपुढे १९८०, १९८५ आणि २००२ असा तीनदा आला, आणि तिन्ही वेळा त्यांनी तो फेटाळला. २००२ मध्ये बससेवेसाठी विक्रीकरात अल्पशी वाढ सुचविली होती. ती नको असा कौल मिळाला. त्यानंतर दोनच वर्षांनी, नोव्हेंबर २००४ मध्ये, त्याच मतदारांपुढे दुसरा प्रस्ताव आला. काउबॉइजच्या नव्या मैदानासाठी विक्रीकर डॉलरमागे अर्ध्या सेंटने वाढवावा, शिवाय हॉटेले व भाड्याच्या मोटारी यांवर अधिभार बसवावा, आणि शहराने ३२ कोटी ५० लाख डॉलर द्यावेत, असा तो प्रस्ताव होता. संघमालक जेरी जोन्स यांच्या पाठबळाने प्रचाराची मोठी मोहीम झाली, आणि प्रस्ताव संमत झाला. मैदान व त्याभोवतीचे तळ यांसाठी शहराने घरे आणि दुकाने सक्तीने संपादन केली. ज्याला बस हवी होती त्याला बस मिळाली नाही. परंतु साबणाची वडी घेताना मैदानाचा कर मात्र त्याला भरावा लागला.

लोकशाही मानणाऱ्यांनी येथे मतदारांना दोष देऊन मोकळे होणे योग्य नव्हे. ज्याच्या दारी मोटार आहे त्याला बसचा कर अनाठायी वाटतो, आणि ज्याच्या दारी ती नाही तो बहुधा मतदानकेंद्रापर्यंतही पोचत नाही. शिवाय मैदानाच्या बाजूने बोलणारा धनिक होता, बसच्या बाजूने बोलणारा कोणी धनिक नव्हता. संघटित लोकमत नसेल तर मतपेटीतून संघटित पैसाच बोलतो, हा अनुभव केवळ अमेरिकेचा नाही.

या कथेत एक विरोधाभास आहे, आणि तो मुद्दाम सांगण्यासारखा आहे. काउबॉइज संघ १९७१ पर्यंत डॅलस शहरातील फेअर पार्क येथे, कॉटन बोल या जुन्या मैदानावर खेळत असे. तेथून तो उपनगरात गेला, आणि पुढे आर्लिंग्टनला. ज्या २००९ साली आर्लिंग्टनचे नवे मैदान खुले झाले, त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये डॅलसच्या नागरी रेल्वेचा नवा मार्ग फेअर पार्कच्या दारापर्यंत येऊन पोचला. रेल्वे मैदानापाशी आली तेव्हा संघ रेल्वे नसलेल्या गावी गेलेला होता.

हे अजाणतेपणी घडते असे समजण्याचे कारण नाही. अमेरिकन फुटबॉलच्या अर्थव्यवस्थेत एक गंमत आहे. दूरचित्रवाणीच्या हक्कांचे प्रचंड उत्पन्न सर्व संघ समसमान वाटून घेतात. १९६१ च्या एका कायद्याने त्यांना हक्क एकत्रितपणे विकण्याची मुभा दिली. तिकिटांच्या विक्रीतील सुमारे एक तृतीयांश भागही पाहुण्या संघांसाठी सामायिक निधीत जातो. समाजवादाचे नाव काढताच ज्यांच्या कपाळाला आठी पडते, ते कोट्यधीश आपापसांत मात्र समान वाटपाचे तत्त्व कटाक्षाने पाळतात! परंतु काही उत्पन्न या वाटणीतून वगळलेले आहे. खास कक्षांचे भाडे, खाद्यपेयांची विक्री आणि मोटारतळाचे शुल्क यांपैकी काहीही इतर संघांना द्यावे लागत नाही. म्हणजेच मोटारतळावर पडणारा डॉलर हा मैदान ज्याच्या ताब्यात आहे त्याचा, पूर्णपणे त्याचा, डॉलर असतो. प्रेक्षक आगगाडीने आला तर तो बुडतो. मोटारतळ ही प्रेक्षकांची सोय आहे असे जे सांगितले जाते ते खोटे नाही, पण ते अपुरे आहे; तो एक स्वतंत्र धंदा आहे, आणि त्या धंद्याला लागणारे महामार्ग, उड्डाणपूल, चौकाचौकांतील पोलीस हे सर्व जनतेच्या पैशाने पुरविले जातात.

या सर्व चर्चेत एका वर्गाचा उल्लेख क्वचितच येतो. सामन्याच्या दिवशी प्रेक्षकांखेरीज आणखी काही हजार माणसे मैदानात येतात. तिकिटे तपासणारे, सॉसेज तळणारे, बिअरचे पेले भरणारे, आणि सामना संपल्यावर रात्री आसनांखालचा कचरा वेचणारे. प्रेक्षकांसाठी छापलेल्या सल्ल्यात त्यांना स्थान नसते. तासाच्या मजुरीवर राबणाऱ्या माणसाने केवळ कामावर पोचण्यासाठी मोटार बाळगावी, तिचा विमा भरावा, तिचे इंधन भरावे, ही अपेक्षा म्हणजे मजुरीतील कपातच होय. ती पगारपत्रकावर दिसत नाही इतकेच.

यावर एक आक्षेप घेतला जातो, आणि तो विचारात घेतलाच पाहिजे. मोटारतळ हे अमेरिकेत लोकांचे अंगण आहे, असे म्हणतात. सामन्याच्या आधी चार-चार तास कुटुंबे तेथे येतात, मोटारीची मागची फळी पाडून तिचे टेबल करतात, शेगडी पेटवितात, शेजारच्या अनोळखी माणसाला घास देतात. हे दृश्य खरे आहे आणि त्यातील आनंदही खरा आहे. विस्कॉन्सिनमधील ग्रीन बे येथे तर तो फार साध्या, गावकी रूपात दिसतो. सुमारे एक लाख वस्तीच्या या गावाचा संघ कोणा एका मालकाचा नाही. १९२३ पासून तो गावकरी व चाहते यांच्या भागांवर चालतो, भागधारकांची संख्या पाच लाखांवर गेली आहे, आणि त्यांना लाभांश मिळत नाही. ज्या लॅम्बो फील्ड मैदानावर हा संघ १९५७ पासून खेळतो, त्याच्या आजूबाजूचे रहिवासी सामन्याच्या दिवशी स्वतःच्या घरापुढील हिरवळीवर पाहुण्यांच्या मोटारी लावून घेतात आणि चार डॉलर मिळवितात. वर्षातील उरलेले दिवस ती हिरवळ पुन्हा मुलांच्या खेळण्याची असते. जमीन डांबराखाली कायमची गाडल्याशिवायही मोटारी उभ्या राहू शकतात, आणि त्यांचे शुल्क एकाच तिजोरीत न जाता शंभर घरांत जाऊ शकते, हे ग्रीन बेने दाखविले आहे. अर्थात आर्लिंग्टनला हा नमुना जसाच्या तसा लागू पडणार नाही. पण अंगणाची शोभा सांगून मोटारतळाच्या मालकीचा प्रश्न टाळता येत नाही.

सार्वजनिक वाहतूक हा शब्द उच्चारला की सर्व प्रश्न सुटले असेही मानता कामा नये. न्यू जर्सीतील ईस्ट रदरफोर्ड येथील मैदानावर २ फेब्रुवारी २०१४ रोजी अमेरिकन फुटबॉलचा अंतिम सामना, म्हणजे तेथील सुपर बोल, झाला. सार्वजनिक वाहतुकीने येण्याचा पहिला सुपर बोल अशी त्याची जाहिरात करण्यात आली होती. सुरक्षिततेच्या नावाखाली मोटारतळाच्या जागा निम्म्याहून कमी ठेवल्या, भाड्याच्या गाड्यांना प्रेक्षक मैदानाशी उतरविण्यास बंदी केली, आणि पायी चालत येण्यासही मनाई केली! उरली ती रेल्वे आणि ५१ डॉलर आकारणारी खास बस. रेल्वेने दहापंधरा हजार प्रवासी येतील असा अंदाज बांधला होता. परतताना गाडीने गेलेल्यांची संख्या तीस हजारांवर गेली. सिकॉकस या गाडी बदलण्याच्या स्थानकात दाटीने आणि उष्म्याने माणसे कोसळली. सामना संपल्यावर प्रेक्षकांनी मैदानातच थांबावे अशी घोषणा करावी लागली. काहींना घरी पोचण्यास मध्यरात्र उलटली. दुसऱ्या दिवशी टीका झाली ती रेल्वेवर. वस्तुतः वर्षभर मोटारींसाठी जगणाऱ्या एका मैदानाला एकाच रात्री आगगाडीचे मैदान होण्यास सांगितले गेले होते. मोटारीचा पर्याय आदेशाने बंद करता येतो. आगगाडीचा पर्याय उभारायला मात्र वर्षे लागतात, जादा गाड्या, जादा फलाट आणि कामगारांची जादा पाळी लागते.

फ्रान्समधील प्रसंग याहून गंभीर होता. तेथे फुटबॉल म्हणजे पायाने खेळायचा, आपल्या ओळखीचा. २८ मे २०२२ रोजी पॅरिसजवळील सां-दनी येथे लिव्हरपूल व रेआल माद्रिद या क्लबांत युरोपीय चषकाचा अंतिम सामना होता. मैदानाकडे जाणाऱ्या एका रेल्वेमार्गावर त्या दिवशी कामगारांचा संप होता. प्रेक्षकांचा लोंढा दुसऱ्या मार्गाकडे वळला, आणि त्या स्थानकापासूनच्या वाटेवर, महामार्गाखालच्या अरुंद बोळात, तिकिटे तपासण्याची चौकी होती. हजारो माणसे तेथे कोंडली गेली. बायकामुलांवर अश्रुधूर सोडण्यात आला. सामना ३६ मिनिटे उशिरा सुरू झाला. गृहमंत्र्यांनी ताबडतोब दोष दिला तो बनावट तिकिटे घेऊन आलेल्या हजारो इंग्रज प्रेक्षकांना. पुढे फ्रेंच सिनेटच्या समितीने हा कांगावा फेटाळला. युरोपीय फुटबॉल संघटनेनेच नेमलेल्या स्वतंत्र समितीने फेब्रुवारी २०२३ मध्ये मुख्य जबाबदारी त्याच संघटनेवर टाकली, आणि मोठी मनुष्यहानी थोडक्यात टळली असा निर्वाळा दिला. संप हे येथे कारण नव्हे. संप आहे हे ठाऊक असताना वाट बदलली नाही आणि चौकी हलविली नाही, हे कारण. नियोजन चुकले की आधी गर्दीला गुन्हेगार ठरवायचे, आणि गर्दीत सापडत नसेल तर कामगाराला, ही सत्तेची जुनी सवय आहे.

जर्मनीत याच खेळासाठी एक साधी युक्ती रुळली. अनेक व्यावसायिक क्लबांच्या सामन्याचे तिकीट त्या दिवशी त्या विभागातील आगगाडी, ट्राम व बस यांचेही तिकीट असते. क्लब प्रत्येक तिकिटामागे ठराविक रक्कम वाहतूक मंडळाला देतो. मोटारीने येणाराही ती भरतो, आणि म्हणून आगगाडीने येणाऱ्याला ती हलकी पडते. डॉर्टमुंडच्या मैदानात ८१ हजारांहून अधिक प्रेक्षक मावतात, त्यांपैकी सुमारे चोवीस-पंचवीस हजार एकाच उभ्या गॅलरीत. मैदानापाशी रेल्वेचे स्थानक आहे आणि नागरी रेल्वेही येते. मोटारी तेथेही येतात, रस्तेही तुंबतात. पण ज्याच्याजवळ मोटार नाही असा पंधरा वर्षांचा मुलगाही एका तिकिटात सामना पाहून घरी जाऊ शकतो. तेथील बहुतेक क्लबांत मताधिकाराचे बहुमत सभासदांच्या हाती ठेवण्याचा नियम १९९८ पासून आहे, हेही या संदर्भात विसरता येत नाही. सभासद स्वतः त्या गाडीत उभा असतो.

हे सर्व महाराष्ट्राला दूरचे वाटण्याचे कारण नाही. मुंबईतील जुन्या क्रीडांगणांवर रेल्वेची छाया आहे. वानखेडे चर्चगेट आणि मरीन लाइन्सच्या मध्ये उभे आहे. नव्या मुंबईतील डी. वाय. पाटील क्रीडांगण नेरूळ स्थानकापासून चालत जाण्याच्या अंतरावर आहे, आणि २०१७ मध्ये सतरा वर्षांखालील जागतिक फुटबॉल स्पर्धेचे सामने तेथे झाले तेव्हा शाळकरी पोरे लोकलने जाऊ शकत होती. अंधेरीचे फुटबॉल मैदान २०१४ पासून मेट्रोच्या आझादनगर स्थानकालगत आले. हे कोणा द्रष्ट्याच्या योजनेमुळे घडले असे नव्हे. शहर रुळांच्या कडेने वाढले म्हणून घडले. परंतु नवी मैदाने रुळांच्या कडेने उभी राहत नाहीत. पुण्याबाहेर गहुंजे येथे द्रुतगती महामार्गालगत २०१२ मध्ये उद्घाटन झालेले क्रिकेटचे मैदान पाहावे. सदतीस हजारांच्या आसपास प्रेक्षकांची सोय, लोणावळा मार्गावरील स्थानके काही किलोमीटर दूर, त्यांवरील लोकलच्या फेऱ्या मोजक्या. सामन्याच्या दिवशी भोवतालची रिकामी शेते मोटारतळ होतात आणि महामार्ग गोगलगायीच्या गतीने सरकतो. हे आर्लिंग्टनचेच धाकटे भावंड आहे, फक्त डांबर अजून कमी आहे.

महाराष्ट्रात यापुढेही मोठ्या क्रीडांगणांचे प्रस्ताव येत राहतील, आणि ते शहराबाहेर, स्वस्त जमिनीवर, एखाद्या नव्या महामार्गाच्या काठी येतील. त्यांच्यासमवेत वाहनतळाचे सुबक नकाशेही येतील. नगरपालिका, जिल्हा परिषदा आणि विधिमंडळ यांत बसलेल्या कार्यकर्त्यांनी त्या वेळी आसनांची संख्या आणि छपराची शोभा यांवर चर्चा घालविण्याऐवजी काही रूक्ष प्रश्न लावून धरावेत. जवळचे स्थानक कोणते, आणि ते बांधण्याचा खर्च मैदानाच्या खर्चात धरला आहे काय? सामना रात्री साडेअकराला संपला तर पुढच्या तासाभरात किती गाड्या सुटतील, आणि त्या चालविणाऱ्या कामगारांना जादा पाळीचे पैसे कोण देणार? मोटारतळाचे शुल्क कोणाच्या खात्यात जमा होईल? सामन्याच्या तिकिटातच एस.टी.चे वा लोकलचे भाडे का धरू नये? आणि जमीन देण्यापूर्वी, ज्या शेतकऱ्याच्या रानात हा तळ आखला आहे, त्याला वर्षातील उरलेल्या साडेतीनशे दिवसांविषयी कोणी काही विचारले आहे काय?